त्या '९ ब्रह्मास्त्र' मेसेजमधला पाचवा नियम वाचून माझा भाचा ॲन्टीव्हायरस बंद करायला निघालता

मंगळवारी रात्री पावणेबाराला भाच्याचा फोन. "मामा, विंडोजचा ॲन्टीव्हायरस पूर्ण बंद कसा करायचा? मी बंद केला की परत चालू होऊलालाय." म्हणलं कशाला बे? तर म्हणे एक फाईल टाकायचीय, तो ती व्हायरस म्हणून उडवतोय, पण ती व्हायरस नाहीये, मेसेजमध्येच लिहिलंय की ॲन्टीव्हायरस उडवेल म्हणून.

झोप उडाली माझी. मेसेज मागवला. "शूटिंग गेम जिंकायचे ९ ब्रह्मास्त्र नियम, प्रो प्लेयर हे कधीच सांगणार नाहीत." वर आगीचे इमोजी, खाली लिंक. त्याच्या कॉलेजच्या ग्रुपवर आलता, गेमिंग कॅफेच्या ग्रुपवर आलता, आणि कहर म्हणजे आमच्या ताईच्या सोसायटीच्या ग्रुपवर पण आलता, तिथं काउंटर-स्ट्राइक ही शूटिंग गेम कोण खेळतं सिद्धेश्वरालाच माहीत. भाचा जुळे सोलापुरात राहतो, पाच पोरांची टीम आहे, रविवारी कॅफेत बसतात, बाकी दिवस घरून. मी स्वतः सात रस्त्याजवळच्या कॅफेत तासाच्या हिशोबानं पैसे देऊन तिची जुनी १.६ आवृत्ती खेळून मोठा झालेला माणूस, आता सीएस२ (काउंटर-स्ट्राइक २) आठवड्यातनं एकदोनदा. प्रो वगैरे अजिबात नाही. पण ज्यानं हे नऊ नियम लिहिलेत त्यानं गेम उघडून तरी बघितलीय का याचीच शंका आहे.

क्रमानं जात नाही, आधी पाचवाच घेतो कारण बाकीच्यांनी मॅच जाते, यानं अकाउंट जातं.

नियम ५: "नो रिकॉइल कॉन्फिग टाका, गोळी हलणारच नाही. १००% सेफ, बॅन नाही."

रिकॉइल म्हणजे गोळ्या झाडताना बंदूक उसळते ते. कॉन्फिग फाईल नावाची गोष्ट असते, हे खरंय. पण ती साधी टेक्स्ट फाईल असते, नोटपॅडमध्ये उघडते, आत कुठलं बटण कशाला, माउसची सेन्सिटिव्हिटी किती, क्रॉसहेअर (नेमाची खूण) कसा, एवढंच असतं. गोळी कुठं जाणार हे तुमच्या फाईलवर ठरत नाही, ते सर्व्हर ठरवतो. त्यामुळं टेक्स्ट फाईलनं रिकॉइल जाऊच शकत नाही. मग जी फाईल खरंच रिकॉइल घालवते ती काय असते? तुमच्याऐवजी माउस खाली ओढणारा प्रोग्राम. त्याला सरळ मराठीत चीट म्हणतात. आणि या मेसेजमधली फाईल तर ईएक्सई होती, झिपमध्ये, पासवर्ड लावून, वर सूचना की ॲन्टीव्हायरस बंद करूनच चालवा. अरे चोर दारात उभा राहून सांगतोय की कुत्रं बांधून ठेवा मग मी येतो, आणि आपण साखळी शोधलालोय.

आता "बॅन नाही" वाला भाग. ही गेम बनवणाऱ्या वॉल्व कंपनीनं त्यांच्या स्टीमच्या (जिथनं गेम घेतो-खेळतो ते ॲप) सपोर्टच्या पानावर स्वतः लिहून ठेवलंय की व्हॅक बॅन, म्हणजे चीट पकडणाऱ्या त्यांच्या यंत्रणेचा बॅन, कायमचा असतो, त्यावर चर्चा नाही, आणि सपोर्टवाले पण तो काढू शकत नाहीत. चुकून लागला असं त्यांच्याच लक्षात आलं तरच निघतो. कायमचा म्हणजे कायमचा, गड्ड्याच्या जत्रेपुरता नाही. प्रोफाईलवर सगळ्यांना दिसतो, आणि त्या गेममधल्या स्किन (बंदुकांचे रंगीत साज) दुसऱ्याला देता-विकता पण येत नाहीत. एवढं एक पान वाचलं असतं तर हा नियम लिहिणाऱ्याचं दुकान बंद झालं असतं.

भाचा वाचला कारण त्याला ॲन्टीव्हायरस बंद करता येईना. त्याच्या टीममधला एक पोरगा मात्र हुशार निघाला, त्याला आलं. त्याचं बॅनपर्यंत गेलंच नाही प्रकरण, फाईलनं त्याचं स्टीमचं लॉगिनच उचललं. सकाळी बघतो तर ईमेल बदललेला, दोन वर्ष जमवलेल्या स्किन साफ. ज्यांनी कुणी ती फाईल चालवलीय त्यांनी गप्पा नंतर माराव्यात, आधी दुसऱ्या स्वच्छ मशीनवरून किंवा फोनवरून ईमेलचा आणि स्टीमचा पासवर्ड बदला, सगळ्या डिव्हाइसवरून साइन आउट करा, मोबाईलवर स्टीम गार्ड चालू करा. आणि तो पीसी फॉरमॅट.

रिकॉइलचा खरा इलाज कंटाळवाणा आहे. सीएसमध्ये प्रत्येक बंदुकीचा झाडण्याचा नमुना ठरलेला असतो, एके-४७ची (आम्ही नुसतं एके म्हणतो) गोळी आधी वर चढते मग बाजूला वळते. रिकाम्या मॅपवर भिंतीवर तीस गोळ्या झाडा, भोकं बघा, मग माउस उलट्या दिशेला ओढत परत झाडा. पहिल्या दहा गोळ्या हातात बसल्या तरी पुष्कळ. आठवडाभरात फरक दिसतो, फुकटात.

नियम १: "थांबला तो संपला. सतत पळत, उड्या मारत फायर करा."

हा नियम वाचून मला हसावं का रडावं कळेना. म्हण चांगली आहे पण सीएस आणि व्हॅलोरंट या तसल्याच दुसऱ्या गेममध्ये नेमकं उलटं आहे, जो पळत गोळी घालतो त्याची गोळी कुठंही जाते. विश्वास नसेल तर दोन मिनिटं खर्च करा. भिंतीपासून दहा-पंधरा पावलं लांब उभं राहा, पळत पळत पाच गोळ्या घाला. मग पूर्ण थांबून एकेक करून पाच. मी भाच्याला व्हिडिओ कॉलवर हेच करायला लावलं. थांबून घातलेल्या पाच गोळ्या एका टिकलीएवढ्या जागेत, आणि पळतानाच्या भिंतभर, जशी काय कुणी शेंगाची चटणी उधळलीय. गप्प बसला मग.

थांबायचं म्हणजे कसं ते पण सांगतो, कारण बटण सोडलं की माणूस लगेच थांबत नाही, थोडा घसरतो. उजवीकडं जाताना डी दाबलेलं असतं, ते सोडून क्षणभर ए टिचकी मारल्यासारखं दाबायचं. जागीच ब्रेक लागतो. त्याला काउंटर स्ट्रेफ म्हणतात. वेग बंदुकीच्या पूर्ण वेगाच्या साधारण एक तृतीयांशाखाली आला की गोळी सरळ जाते, आणि तेवढ्यात घालायची. मग परत हलायचं. म्हणजे पळणं आणि मारणं दोन्ही आहे, फक्त एकाच वेळी नाही.

इथं मेसेजवाला अर्धा खरा पण बोललाय, सातव्या नियमात म्हणतो की स्नॅप टॅपवाला (ए आणि डी दोन्ही दाबली तरी शेवटचंच धरणारा) कीबोर्ड घ्या, थांबणं आपोआप होतं. होतं, हो. म्हणूनच तर वॉल्वनं १९ ऑगस्ट २०२४ च्या अपडेटमध्ये जाहीर केलं की हार्डवेअरनं आपोआप काउंटर स्ट्रेफ केलेलं त्यांच्या सर्व्हरवर पकडलं जाईल आणि मॅचमधून बाहेर काढलं जाईल. एका बटणात दोन-दोन हालचाली बांधायची सोय पण तेव्हाच काढली. म्हणजे बापाचे पैसे घालून कीबोर्ड घ्यायचा आणि ते फीचर बंद करून खेळायचं. घ्या.

नियम २: "पैसे आले की सगळ्यात महाग बंदूक, टीमची वाट बघू नका."

ह्यानं भाच्याची टीम महिनाभर हरलीय. भाच्याला मी भिशीनं समजावलं. भिशीत एकानं या तारखेला भरले, दुसऱ्यानं त्या तारखेला, तिसऱ्यानं मधेच उचलले तर भिशी चालेल का? इथं पण पाच जणांनी एकत्र साठवायचं आणि एकत्रच उडवायचं.

आकडे घ्या. सुरवातीला गेममधले ८०० मिळतात, ते उडवले, पहिला म्हणजे पिस्तूल राउंड हरला, १९०० आले. आता हात आवरला आणि दुसरा राउंड फुकटच्या पिस्तुलावर खेळून हरला तरी वर २४०० येतात, झाले ४३००. तिसऱ्या राउंडला एके २७००, हेल्मेटसकट चिलखत १०००, धुराचा गोळा म्हणजे स्मोक ३००, डोळे दिपवणारा फ्लॅश २००, वर शंभर शिल्लक. पाची जण असे उभे राहिले की समोरच्याला घाम फुटतो. आणि दुसऱ्याच राउंडला १९०० उडवले असते तर तिसऱ्याला हातात २४००, म्हणजे नुसती एके पण येत नाही. भाचा नेमकं हेच करायचा, वर म्हणायचा "मामा आमचं नशीबच खराब". नशीब नाही लेका, बेरीज खराब आहे.

आणि ती महागडी ऑप, म्हणजे लांबून मारायची स्नायपर बंदूक, ४७५० ला येते, तिनं मारलं तर बक्षीस १००, एकेनं मारलं तर ३००. ज्याला जमते त्यानं टीमला विचारून घ्यावी, एकानंच. बाकीच्यांनी फ्लॅश घ्या. "ग्रेनेडवर पैसे घालवू नका" असा आठवा नियम आहे, त्यावर मी वेळ घालवत नाही, फक्त सांगतो की सीएस२ मध्ये स्मोकमध्ये बॉम्बगोळा टाकला की धूर काही क्षण फाटतो आणि पलीकडचं दिसतं. तीनशे रुपड्यांत खिडकी.

नियम ४: "माईक बंद ठेवा, स्वतःच्या किल्सवर लक्ष द्या. किल म्हणजेच स्कोर."

गेल्या रविवारी मी कॅफेत मागं उभा राहून बघत होतो. मिराज मॅप, स्कोर ११-१२, बॉम्ब आपल्या पोरांनी लावलेला, आपली दोन पोरं जिवंत, समोर एकटा. बॉम्ब ४० सेकंदात फुटतो. निकामी करायला किट नसेल तर १० सेकंद, ४०० चं किट असेल तर ५. म्हणजे या दोघांनी काय करायचं होतं? काहीही नाही. एक पॅलेसमध्ये, एक कनेक्टरकडं तोंड करून (मॅपमधल्या जागांची नावं), गप्प. निकामी करायचा आवाज आला की दोघांनी एकदम उठायचं. बारा सेकंद उरली होती तेव्हा आमचे साहेब किल घ्यायला जंगल नावाच्या जागेत शिरले. मेले. दुसरा "काय झालं काय झालं" म्हणत त्याच्यामागं गेला, तो पण मेला. समोरच्याकडं किट होतं. पाच सेकंद. मॅच गेली. स्कोरबोर्डवर भाचा पहिला, २४ किल. जेवणावर बसल्यावर तोच आकडा सांगत होता आईला.

दोघं जात असाल तर पाठोपाठ जा, पहिला पडला तर सेकंदाच्या आत दुसऱ्यानं मारणाऱ्याला मारलं पाहिजे, एकास एक. लांब लांब गेलात तर दोघं वेगवेगळे मरता आणि समोरचा तोच एक माणूस असतो. अनोळखी लोकांबरोबर एकटे खेळत असाल तरी हे चालतं, पुढं धावणारा कोणीतरी असतोच, त्याच्या मागं दुसरे व्हा, भाषा लागत नाही.

माईकबद्दल थोडं मान्य करतो. जास्त बोलणं हे न बोलण्यापेक्षा वाईट. भाच्याच्या टीममध्ये दोघं पूर्व भागातले, ते चिडले की तेलुगूत सुरू होतात, एक हिंदीत, आणि मेलेला माणूस सगळ्यात जास्त बोलतो. मेलेल्यानं एकच वाक्य बोलायचं, कुठं, किती, किती लागलंय. "पॅलेस, एक, अर्धा." मग तोंड बंद, कारण जिवंत माणसाला पावलं ऐकायची असतात.

बाकीचे पटापट

तिसरा, "कोपऱ्यात थांबणारा भित्रा, बाहेर पडणारा जिंकतो." बाहेर पडणाऱ्याला थोडा फायदा असतो, खोटं नाही. नेटच्या उशिरामुळं तो तुम्हाला आधी बघतो. हा फायदा कमी व्हावा म्हणूनच व्हॅलोरंटवाल्यांनी सर्व्हर १२८ टिकचे, म्हणजे सेकंदाला १२८ वेळा हिशोब करणारे, ठेवलेत. पण इलाज सोपा आहे, कोपऱ्याला चिकटून उभं राहू नका. जो कोपऱ्यापासून लांब तो दुसऱ्याला आधी बघतो. घरात भावाला भिंतीच्या कडेला उभं करून स्वतः चार पावलं मागं जाऊन हळूहळू सरका, त्याचा खांदा तुम्हाला आधी दिसेल. आणि वायफाय सोडून वायर जोडा.

सहावा, "सेन्सिटिव्हिटी फुल्ल ठेवा." नको. माउसचा डीपीआय ८०० आणि गेममध्ये सेन्सिटिव्हिटी एकच्या आसपास, बरेच प्रो त्याच पट्ट्यात खेळतात. माउस हाताच्या कोपरापासून फिरवावा लागतो मग, जागा लागते. भाच्याकडं मोठा पॅड नाही, तो आजीची चादर चौघडी घालून टेबलावर पसरतो. चालतंय. सोलापुरात राहून पॅडवर पैसे कशाला.

मधेच एक ओळ आहे की पळताना चाकू हातात घ्या. हे खरंय, गेमच्या मापात चाकूनं वेग २५०, एकेनं २१५. पहिल्यापासून सगळ्यांना माहीत असलेली ही एक गोष्ट ब्रह्मास्त्र म्हणून विकलीय. कोपरा यायच्या आधी बंदूक काढा एवढंच, नाहीतर चाकू घेऊन स्वागत कराल.

नववा नियम, "हा मेसेज १० गेमर मित्रांना पाठवा." नऊपैकी हा एकच सगळ्यांनी मनापासून पाळलाय. ताईनं पण.

त्या पोराचं अकाउंट अजून मिळालेलं नाही, सपोर्टला तिकीट टाकलंय. नवीन अकाउंट काढायचा पण मूड नाही त्याचा. त्यामुळं या रविवारी पाचवा कमी पडतोय आणि मला बोलावणं आलंय. भाच्याचा मेसेज होता, "मामा, ये पण ऑप घेऊ नको."