स्टेंटचा भाव आणि बीपीची गोळी

सांगलीला दादाच्या घरी सध्या एकच वाद चालू आहे. त्याच्या मित्राची अँजिओप्लास्टी झाली, म्हणजे हृदयाची अडलेली रक्तवाहिनी उघडून आत स्टेंट ही बारीक जाळीची नळी बसवली, बिल आलं अडीच लाख. दादाचा सवाल असा, की सरकारनं भाव बांधलेत तर एवढं बिल येतंच कसं? सवाल बरोबर आहे. 2017च्या फेब्रुवारीत औषधाचा लेप असलेल्या स्टेंटची किंमत 29,600 रुपयांवर आणली गेली. त्याआधी तोच स्टेंट लाखाच्या वर विकला जाई. पण बांधला तो स्टेंटचा भाव. खोली, हे काम जिथं होतं ती कॅथलॅब, डॉक्टरांची फी यांना कोणी हात लावला नाही. मग एकीकडे गेलेले पैसे दुसरीकडून वसूल होणार, यात नवल कसलं?

मी इंग्लंडात लेस्टरमध्ये राहते, चौदा वर्षं झाली. फोनवर हा वाद ऐकताना मला वेगळीच शंका येते. त्या मित्राला गेली आठ वर्षं बीपी आहे. गोळी मात्र त्यानं मध्येच सोडली होती, कारण "नॉर्मल आलं होतं की!" नॉर्मल आलं ते गोळीमुळंच, हे त्याला कोणी सांगितलं नव्हतं. सांगून कोणाला चार पैसे मिळणार होते?

इथं ते मिळतात. 2004 पासून इंग्लंडमध्ये फॅमिली डॉक्टरच्या दवाखान्याच्या उत्पन्नाचा एक भाग अशा कामांवर ठरत आला आहे: बीपीच्या किती पेशंटचं बीपी आटोक्यात आहे, किती जणांची तपासणी वेळेवर झाली. त्यामुळं आमची नर्स माझ्या मागे लागते ती माया म्हणून नाही. मला त्याचं वाईटही वाटत नाही. माझं बीपी सापडलं तेसुद्धा असंच. खोकल्याचं औषध आणायला गेले होते, फार्मासिस्टनं वय विचारलं आणि दंडाला पट्टा बांधला. चाळिशीनंतर इंग्लंडमधल्या बहुतेक औषध दुकानांत ही तपासणी फुकट होते. पुढं दवाखान्यात दहा वर्षांतल्या हृदयविकाराच्या धोक्याचा हिशेब मांडला, त्यात वंशाचाही रकाना होता. 'भारतीय' म्हटल्याबरोबर आकडा वर सरकला. लोणचं-पापडावर अजून कोणी रकाना काढलेला नाही, हे नशीब.

म्हणून इथं सगळं आबादीआबाद आहे, असं मी दादाला कधीच सांगत नाही. 2022च्या डिसेंबरात इंग्लंडमध्ये छातीत दुखणारे पेशंट ज्या गटात मोडतात, त्या गटाला अँब्युलन्स पोचायला सरासरी दीड तास लागत होता. ठरवलेली वेळ 18 मिनिटांची! शेजारच्या आजोबांनी हार्टच्या डॉक्टरची वेळ मिळायला पाच महिने वाट पाहिली. सांगलीत तोच डॉक्टर संध्याकाळी भेटला असता, आणि पैसे हाताशी असते तर सकाळपर्यंत अँजिओग्राफीही उरकली असती. छातीत कळ आलीच, तर मी सांगलीत असलेली बरी. कळ येऊ नये यासाठी लेस्टर बरं.

जगात 2019 साली हृदय आणि रक्तवाहिन्यांच्या विकारांनी सुमारे 1 कोटी 79 लाख माणसं गेली. यातले तीन चतुर्थांशांहून जास्त मृत्यू गरीब आणि मध्यम उत्पन्नाच्या देशांतले. या रोगाची बाजारपेठ मात्र उभी आहे ती एका रात्रीच्या धावपळीवर. जन्मभराच्या स्वस्त गोळीत कोणाला काय सुटणार? जनऔषधी केंद्रात अॅम्लोडिपिन या बीपीच्या गोळीची पट्टी चहाच्या पैशात येते. एवढा कमी नफा, तर ती घेतली का म्हणून फोन कोण करणार?

आपल्याकडे तसा फोन करण्याची सुरुवात झालीय, त्यावर मात्र कोणी वाद घालत नाही. उच्च रक्तदाब आटोक्यात ठेवायचा सरकारी उपक्रम 2017 साली सुरू झाला, त्याच्या पहिल्या पाच राज्यांत महाराष्ट्र होता. मोजकी दोन-तीन औषधं, ठरलेला क्रम, गोळ्या आरोग्य केंद्रातच, आणि न आलेल्या पेशंटचा पाठपुरावा. स्टेंटच्या भावावर तावातावानं बोलणाऱ्या दादाला मी विचारलं, तुमच्या केंद्रात हे चालतं का? तो म्हणाला, "तिथं कोण जातंय?"

परवा पुन्हा बोलणं झालं. म्हटलं, तुझं स्वतःचं बीपी किती? मागच्या दिवाळीला मीच मशीन नेऊन दिलं होतं.

"अगं, आहे की मशीन कपाटात. सेल संपलेत."