८७ बटणांचं मौनव्रत

चूक माझीच होती. पहिला मेकॅनिकल कीबोर्ड घेताना मी निळे स्विच, म्हणजे प्रत्येक बटणाखालचे खटके, निवडले, कारण निळा रंग मला शांत वाटतो. या दुनियेत निळा हा सगळ्यांत भांडकुदळ रंग आहे, हे पहिलं वाक्य टाइप करेपर्यंत मला कुणी सांगितलं नव्हतं. चेरी एमएक्स ब्ल्यू हे त्या निळ्या स्विचचं नाव, त्याच्या पोटात एक छोटा सुटा तुकडा असतो आणि त्याची नेमणूकच मुळी वाजण्यासाठी झालेली असते. बटण खाली जाताना टक्, वर येताना पुन्हा टक्. इंजिनिअर लोकांनी एकत्र बसून, डोकं लावून, तो आवाज मुद्दाम घातलेला आहे.

मी लिहितो रात्री. टेबल बेडरूममध्ये. बायकोची झोप अशी की शेजारच्या घरात कुणी कूस बदलली तर हिला जाग येते.

"अरे, टाइप करतोयस की पत्र्यावर गारा पाडतोयस?"

मी तिला समजावू पाहिलं की आयबीएमचा १९८५ सालचा मॉडेल एम कीबोर्ड याहून मोठ्यानं वाजायचा, त्यात प्रत्येक बटणाखाली स्प्रिंग वाकून आपटायची, आणि तरीही लोक तो आजतागायत जिवापाड जपतात.

"त्यांची लग्नं टिकली का?" तिनं पांघरुणातूनच विचारलं.

मॉडेल एमवर इतकं लिहिलं गेलंय, पण हा मुद्दा कुणीच हाताळलेला नाही.

आधी स्वस्तातला उपाय केला. बटणांच्या टोप्यांखाली घालायच्या रबरी रिंगा मिळतात. ८७ टोप्या उपटल्या, ८७ रिंगा बसवल्या, ८७ टोप्या परत लावल्या. त्यातली एक लावताना चुकली आणि दोन दिवस पी दाबला की ओ उमटत होता. टक् होती तशीच राहिली, कारण ती पोटातून येते आणि रिंगा पायाला बांधलेल्या. शिवाय रिंग फक्त खाली आदळण्याचा आवाज दाबते. बोट उचललं की बटणाचा दांडा उसळून वरच्या झाकणावर आपटतो, तिथं रिंगेचं काही चालत नाही. अर्धं भांडण मिटवणाऱ्या मध्यस्थासारखं ते.

मग ठरवलं, स्विचच बदलायचे. आवाज न करणारे. एवढंच तर हवं होतं.

पूर्वी म्हणे हे सोपं होतं. जर्मनीच्या चेरी कंपनीचे एमएक्स स्विच १९८० च्या दशकात आले. लाल म्हणजे सरळ खाली जाणारा, तपकिरी म्हणजे वाटेत किंचित अडखळणारा, निळा म्हणजे आमच्या घरी आला तो. मग पेटंटची मुदत संपली, बाकीच्या कंपन्यांना रान मोकळं झालं आणि इतके स्विच निघाले की रंग पुरेनात. रंग संपल्यावर फळांवर हात टाकला, फळं आटोपल्यावर समुद्रात जाळं टाकलं. नुसत्या शांत स्विचांमध्ये एक पीच आहे, एक लेमन आहे, एक श्रिंप आहे आणि एक डॉल्फिन आहे. कोळंबी अडखळते, डॉल्फिन सरळ जातो, हे पाठ करता करता मी रात्री अकराला स्वतःच्या आयुष्याकडे जरा लांबून पाहिलं.

शांत स्विचमागची युक्ती मात्र साधी आणि खरंच सुरेख आहे. आतल्या दांड्याला खालून आणि वरून मऊ रबराचे बारीक तुकडे लावलेले असतात, म्हणजे जातानाही गादी, येतानाही गादी. त्या गाद्यांना जागा लागते, म्हणून चेरीच्या साध्या लाल स्विचमध्ये बटण ४ मिलिमीटर खाली जातं, तर सायलेंट रेडमध्ये ३.७. या ०.३ मिलिमीटरवरून माणसं एकमेकांशी ज्या त्वेषानं भांडतात, तेवढ्या त्वेषानं भावाभावांत शेताच्या बांधावरूनही होत नसेल. एक पक्ष म्हणतो, शांत स्विच म्हणजे ओल्या मातीत बोट रुतवणं. दुसरा म्हणतो, तुमची बोटं अजून तयार झालेली नाहीत. जणू हातातला कीबोर्ड बाजूला ठेवून तानपुरा घेतलाय.

आता यातला कुठला आवाज करत नाही, हे ऐकून ठरवायचं. लोकांनी त्यासाठी व्हिडिओ टाकलेले आहेत. ज्याचा आवाज येत नाही त्याचा आवाज ऐकायचा, म्हणून मी रात्री दीड वाजता हेडफोन लावून, आवाज टोकापर्यंत चढवून बसलो. कुणा अनोळखी माणसाची दहा बोटं मुकाट नाचत होती आणि मी डोळे मिटून, भुवया आक्रसून, पहिल्या शांततेपेक्षा दुसरी शांतता जरा पोकळ आहे का, याचा अंदाज घेत होतो. इतक्यात ब्लूटूथ हेडफोनची बॅटरी संपली. लॅपटॉपनं आवाज आपल्या ताब्यात घेतला आणि नेमकी त्याच क्षणी जाहिरात सुरू झाली. दात घासायच्या ब्रशची होती. बायको ताडकन उठून बसली. मी काय करत होतो ते मी तिला खरं खरं सांगितलं. शांत कीबोर्ड ऐकत होतो म्हणून. अशा वेळी खोटं बोलावं, हे आता कळतं.

खरं तर त्या व्हिडिओंवरून काहीच ठरत नाही. माइक वेगळा, स्विच ज्यात बसतात ती पट्टी कुणाची ॲल्युमिनियमची, कुणाची प्लॅस्टिकची, खालचं टेबल वेगळं आणि बोटंही. नऊ नमुने ठोकलेली चाचणीची पाटी आणली, तीही तितकीच निरुपयोगी. हातात धरून एकेक बटण दाबलं तर सगळेच गुणी वाटतात. पाहुण्यांसमोर पोरं वागतात तसे.

शेवटी बोबा यू४ नावाच्या स्विचवर मन बसलं. टॅक्टाइल, म्हणजे वाटेत ठसठशीत अडखळणारा, आणि तरीही मुका. अडखळत बोलणाऱ्याचं नाव बोबा, हे मला तर मराठीच वाटलं. त्यात ६२ ग्रॅमची स्प्रिंग घ्यावी की ६८ ची, यात आठवडा गेला. ए४ आकाराचा साधा कागद साधारण ५ ग्रॅमचा असतो. म्हणजे एका कागदाच्या आणि वर त्याच्या पाचव्या हिश्श्याच्या वजनाचा हा प्रश्न होता, आणि मी ऑफिसच्या मीटिंगमध्ये तर्जनीवर कागद तोलून पाहत होतो. "काही सुचवायचंय का?" असं साहेबांनी विचारलं, तेव्हा मी हात खाली घेतला.

खोकं आलं. ९० स्विच. मोठ्या आशेनं बसवले, पहिलं बटण दाबलं आणि खोलीत असा भरदार, गोल आवाज झाला की लाकडी दारावर कुणी बोटाच्या पेरानं टकटक केली असावी. बायको दाराकडे बघायला लागली.

बोबा यू४ मुका. बोबा यू४टी, तोच कारागीर, तोच आकार, पण शेवटी एक टी, तो मात्र मुद्दाम वाजण्यासाठीच केलेला. शौकीन मंडळी या आवाजाला 'थॉक' म्हणतात आणि तो ऐकून त्यांचे डोळे मिटतात. मी ऑर्डर काढून पाहिली. टी होता. स्वच्छ, ठळक, मी स्वतः निवडलेला. दोष द्यायला दुसरं कुणी नसलं की माणूस फार एकटा पडतो.

दुसरी ऑर्डर मी मोठ्यानं वाचून, बोट ठेवून, बायकोला साक्षीदार करून दिली.

यावेळी खरे मुके आले. आवाज गेला, आणि तो गेल्यावर त्याच्या आड दडलेला दुसरा बाहेर आला. बटण सोडलं की आतली स्प्रिंग बारीक किणकिणायची. यावर उपाय म्हणजे प्रत्येक स्विच उघडून स्प्रिंगला तेल देणं. स्विचचे भाग चार: खालचा डबा, वरचं झाकण, दांडा, स्प्रिंग. ८७ चोक ३४८. तेवढे तुकडे पलंगाच्या चादरीवर मांडून मी एक अख्खा रविवार घालवला. ८७ स्प्रिंगा पिशवीत घालून वर तेलाचे थेंब टाकले आणि पिशवी खुळखुळवली. बायकोनं दारातून पाहिलं, काही न बोलता दार ओढून घेतलं. एक स्प्रिंग उडाली ती सापडलीच नाही. जास्तीच्या तीन स्विचांतून एक काढून वेळ भागवली. (उडालेली रात्री बायकोला सापडली. पाठीला.)

किणकिण गेली. मग स्पेसबार बोलू लागला. लांब बटणं दोन्ही टोकांना सारखी दबावीत म्हणून त्यांच्याखाली तारेचा आधार असतो, त्याला स्टॅबिलायझर म्हणतात. ती तार खुळखुळते. आजवर ८७ जणांच्या कल्लोळात तिच्याकडे लक्ष गेलं नव्हतं, आता सगळं गाव झोपल्यावर एकच कुत्रं भुंकावं तसं झालं. बरं, स्पेसबार काही अधूनमधून लागणारं बटण नाही. प्रत्येक शब्दामागे एकदा. मी वाक्यं छोटी करून पाहिली, संधी आणि समास वापरून पाहिले. दोन शब्दांचा एक झाला की एक खडखड वाचते. संपादकांनी कळवलं, भाषा हल्ली जड होतेय. तेव्हा कुठे तारेला घट्ट ग्रीस चोपडलं, ते ट्यूबमधलं, मधासारखं चिवट, आणि स्पेसबारही गप्प झाला.

मग माऊसची टिकटिक ऐकू आली. मुका माऊस आणला. मग खुर्ची करकरली. तिच्या बिजागरीत उरलेलं ग्रीस भरलं.

त्या रात्री मी दोन तास लिहिलं. आवाज म्हणून नव्हता. हात थांबवून ऐकलं, हात चालवून ऐकलं, दोन्ही सारखंच. छाती भरून आली. मागे वळून बघतो तर बायको टक्क जागी, कोपरावर डोकं टेकून माझ्याकडे पाहत होती.

"आता कसला आवाज येतोय?" मी विचारलं.

"तुझा."

"माझा?"

"तू प्रत्येक वाक्य पुटपुटतोस. आधी एकदा पुटपुटतोस, मग टाइप करतोस, मग परत वाचून दाखवतोस. पात्रांचे आवाजसुद्धा काढतोस. इतकी वर्षं खडखडाटात कळलंच नाही."

मी गप्प बसलो. ती उठली, टेबलापाशी आली आणि ग्रीसची ट्यूब उचलून दिव्याखाली धरली.

"यात अजून किती शिल्लक आहे रे?"