ते चेंडू फुंकायचे नसतात, ओढायचे असतात

आषाढी एकादशीला बाबांना इस्पितळातून घरी आणलं. न्यूमोनिया, नऊ दिवस अ‍ॅडमिट. निघताना गोळ्यांची पिशवी, फाईल आणि श्वासाच्या व्यायामाचं ते तीन चेंडूंचं प्लॅस्टिकचं यंत्र (स्पायरोमीटर) हातात दिलं. "हे रोज करायचं." बस्स. कसं करायचं ते कुणी दाखवलं नाही, आणि बिलाच्या खिडकीशी उभ्या असलेल्या मलाही विचारायचं सुचलं नाही.

पुढचे आठ दिवस बाबा पडवीत बसून त्या नळीत फुंकत होते. अगदी जीव खाऊन. चेंडू ढिम्म. "संपलं माझं," असं त्यांनी मनाशी धरलं. घुमटाच्या, म्हणजे आमच्या गोव्यातल्या मातीच्या वाद्याच्या, ठेक्यावरच्या आरतीत ज्यांचा आवाज वाड्याच्या टोकापर्यंत जातो, तो माणूस जेवताना दोन घासांत थांबायला लागला.

मग फोंड्याहून एक फिजिओथेरपिस्ट आली. तिने बघितलं आणि म्हणाली, "काका, फुंकू नका. ओढा. स्ट्रॉने शहाळं पितात तसं, पण सावकाश." ६०० लिहिलेल्या कप्प्यातला पहिला चेंडू लगेच वर गेला. बाबा कितीतरी वेळ त्या चेंडूकडेच बघत राहिले.

आठ दिवस वाया गेले, याचा मला आजही राग आहे. ओळखीच्या आणखी दोन घरांत विचारलं, तिथेही फुंकणंच चाललं होतं. आजारात माणूस पडून राहतो, छाती दुखते म्हणून वरवर श्वास घेतो. मग फुप्फुसांच्या तळातले हवेचे बारीक फुगे मिटून राहतात आणि कफ तिथेच साचतो. सावकाश खोल श्वास ओढून तो तीनेक सेकंद धरला की ते उघडायला मदत होते. यंत्राचं काम एवढंच. रुग्णाला खाटेवर बसवून, घरच्या माणसासमोर, एकदा करवून घेतल्याशिवाय घरी सोडूच नये असं माझं स्पष्ट मत आहे. पाच मिनिटं लागतात.

बाबांना खरा आधार मात्र बिनयंत्राच्या श्वासाने दिला. नाकाने दोन अंक मोजत श्वास घ्यायचा, ओठांचा चंबू करून चार अंक मोजत सोडायचा. फुंकर किती? निरांजनाची ज्योत हलावी पण विझू नये, इतपत. सोडणं लांबलं की आत अडकलेली हवा बाहेर पडते आणि धाप कमी होते. पायरी चढताना, लोटा उचलताना, जोर लावायच्या क्षणी श्वास सोडायचा. दुसरं, पोटावर हात ठेवून श्वास घ्यायचा. हात वर यायला हवा, खांदे नव्हेत. आणि कफ काढायला घसा फाडून खोकत बसायचं नाही. चष्म्याची काच पुसण्याआधी तोंड उघडून 'हाः' करतो, तसं पण जरा जोराने, दोनतीनदा.

व्हॉट्सअ‍ॅपवर लगेच कपालभातीचे व्हिडिओ आले. पाठवणाऱ्यांची माया मला कळते. पण आजारातून नुकत्या उठलेल्या माणसाला जोराचे श्वास, श्वास रोखायच्या पैजा नकोत. २०२० मध्ये दहा सेकंद श्वास रोखून कोरोना ओळखायची चाचणी अशीच फिरत होती, आणि ती खोटी होती. व्यायाम करताना चक्कर आली तर थांबायचं. छातीत दुखलं, ओठ निळसर दिसले, थुंकीतून रक्त आलं, बसल्याजागी धाप वाढली, तर व्यायाम बाजूला ठेवून थेट डॉक्टर. औषधाचा कोर्स तर पुरा करायचाच. श्वासाने जंतू मरत नाहीत.

हे सगळं हळू चालतं. खोकला गेला तरी थकवा महिनोन् महिने रेंगाळतो. चौथ्या आठवड्यात बाबा न थांबता तुळशीपर्यंत जाऊन आले, तर त्या दिवशी आईने खीर केली.

चवथीला, म्हणजे गणेश चतुर्थीला, माटोळी (गणपतीवरचं फळाफुलांचं छत) बांधायला पोरांनी त्यांना शिडीवर चढू दिलं नाही. रात्री आरतीला खुर्चीवर बसले. पहिलं कडवं इतरांनीच म्हटलं. दुसऱ्याला त्यांनी सूर लावला, मध्ये थांबले, ओठांचा चंबू केला, चार मोजले. घुमटवाला त्यांच्यासाठी ठेका धरून थांबला होता.