सयुरी नावाची बाई नाहीये हो

परवा रात्री साडेदहाला मावशीचा फोन आला. साडेदहा म्हणजे तिच्या हिशोबाने मध्यरात्र, त्यामुळे उचलतानाच पोटात गोळा. तर बाईसाहेब म्हणतात, "अगं ते जपानी बायकांचं पाठवलंय ते बघितलंस का? रविवारी कट्ट्यावर मी तेच वाचणारे, तू ते जपानी-बिपानी वाचत असतेस ना, जरा नजर टाक." मावशी रिटायर्ड शिक्षिका, तिच्या वाचनकट्ट्यावर वीसेक बायका येतात आणि तिथे ऐकलेलं घरी जाऊन लेकीसुनांना सांगतात. म्हणून नजर टाकली, आणि झोप उडाली ती उडालीच.

मेसेज तुमच्याकडेही आला असेल, "जपानी स्त्री रडत नाही" असं शीर्षक आणि खाली चेरीच्या फुलांचा फोटो. नसेल आला तर थोडक्यात सांगते. जपानी बायकांनी हजार वर्षं कधी तक्रार केली नाही, १९४५ ला अमेरिकेने हक्क दिले तेव्हा कुठे त्या लिहायला लागल्या. बाई, पुरुष आणि त्याच्या मधलं काही, ही भानगड जपानी साहित्यात नव्हतीच, अमेरिकन विद्यापीठांनी ती घुसवली. पुरावा म्हणून 'सयुरी या गेशाचं (गाणं-नाच-गप्पांनी पाहुण्यांना रिझवणारी पेशेवर कलावंत ती गेशा) आत्मचरित्र' वाचा, लहानपणी विकली गेली तरी कुरकुर नाही. अमेरिकेत गेलेले जपानीही तसेच, युद्धात छावण्यांत कोंडलं तरी 'शिकाता गा नाई', म्हणजे आता इलाज नाही, असं म्हणून गप्प राहिले, आयडेंटिटीचं रडगाणं गायलं नाही. आणि हल्लीचे जपानी लेखक म्हणजे नुसती अमेरिकन नक्कल. शेवटी अर्थातच 'आपल्या मुलींना हे वाचायला द्या', तीन उद्गारचिन्हं.

क्रम सोडते आणि सयुरीपासूनच सुरू करते, कारण मावशीला तेच सगळ्यात भावलं होतं.

सयुरी नावाची बाई नाहीये हो. नव्हतीच कधी. 'मेमॉयर्स ऑफ अ गेशा' ही १९९७ ची इंग्रजी कादंबरी आहे, लिहिणारा आर्थर गोल्डन नावाचा अमेरिकन पुरुष. सुरुवातीला 'अनुवादकाचं मनोगत' आहे, त्यात न्यूयॉर्कमधला एक प्रोफेसर सांगतो की या बाईने आपल्या आठवणी मला सांगितल्या आणि मी त्या इंग्रजीत आणल्या. तो प्रोफेसर काल्पनिक, तो अनुवादही काल्पनिक, मूळ जपानी पुस्तक असं काही नाहीच. कादंबरीवाल्यांची ही जुनी युक्ती आहे, त्यात गैर काही नाही. पण मेसेजवाल्याने पहिली पानं वाचली आणि शेवटचं वाचलं नाही (किंवा काहीच वाचलं नाही, पिक्चर बघितला, माझा अंदाज हाच), कारण शेवटी ऋणनिर्देशात गोल्डनने स्वतःच लिहून ठेवलंय की सयुरी आणि तिची गोष्ट संपूर्णपणे रचलेली आहे, फक्त १९३०-४० च्या काळातल्या गेशांच्या रोजच्या जगण्याचे तपशील खरे. लेखक स्वतः सांगतोय की ही बाई मी रचली आणि आपण तिला जपानी स्त्रीच्या सोशिकपणाचा पुरावा म्हणून मुलींच्या हातात देतोय. मी मावशीला बाकी काही न बोलता तेवढ्या पानाचा फोटो पाठवला.

आता त्याच पानावर अजून एक गंमत आहे, गंमत कसली, खरं तर वाईटच. तिथे गोल्डनने मिनेको इवासाकी या बाईंचे नाव घेऊन आभार मानलेत. या खऱ्या. क्योतोच्या गिओन भागातल्या एकेकाळच्या सगळ्यात नावाजलेल्या गेको (तिकडे गेशाला गेको म्हणतात), त्यांनी गोल्डनला माहिती दिली होती. पुस्तक आल्यावर त्यांचं म्हणणं असं की माझं नाव गुप्त ठेवायचं ठरलं होतं, ते पाळलं नाही, आणि कौमार्याचा लिलाव वगैरे जे लिहिलंय ते माझ्या बाबतीत कधी घडलेलं नाही, आता लोक ते माझ्या नावावर खपवतायत. त्या गप्प बसल्या का? कोर्टात गेल्या. २००३ मध्ये कोर्टाबाहेर तडजोड झाली. आणि त्याआधी २००२ मध्ये त्यांनी स्वतःची खरी आठवणींची इंग्रजी पुस्तकं काढली, म्हणजे एकच पुस्तक, अमेरिकेत एका नावाने आणि ब्रिटनमध्ये दुसऱ्या. एकोणतिसाव्या वर्षी, नाव शिखरावर असताना, त्यांनी ते काम सोडलं, आणि तिथल्या ताठर नियमांबद्दलचा वैताग पुस्तकात स्वच्छ लिहिलाय. 'एका शब्दाने कुरकुर नाही' म्हणे. खरी बाई वकील करून भांडली, न भांडणारी बाई रचलेली होती, आणि फॉरवर्ड फिरतोय रचलेलीचा.

कादंबरी म्हणून वाईट आहे का? नाही, मी एका रात्रीत वाचली होती, खोटं कशाला बोलू. पण जरा नीट बघा ना काय रचलंय ते. जपानी कोळ्याच्या पोरीला निळसर करडे डोळे. का तर अमेरिकन वाचकाला ती गर्दीत वेगळी दिसावी. शाळकरी वयात रस्त्यात रडत असताना एक 'चेअरमन' भेटतो, गोड बोलतो, आणि ही पोरगी पुढचं अख्खं आयुष्य त्याच्याभोवती बेतते. आणि हे सगळं शेवटी ती कुठे बसून बोलते तर न्यूयॉर्कमध्ये, कोणाला तर पुरुष प्रोफेसराला. सोसणारी, झुरणारी, पुरुषाची वाट बघणारी पूर्वेची बाई हा पश्चिमेकडचा जुना आवडता माल आहे. म्हणजे मेसेजवाले म्हणतात की अमेरिकेने जपानवर जेंडर लादलं, आणि पुरावा देतात तो नेमका अमेरिकेने जपानी बाईवर लादलेला. उलटी गंगा म्हणतात ती हीच.

यावर मावशीचा प्रश्न आला, आणि चांगला होता: "म्हणजे पुरुषाने बाईच्या तोंडून लिहूच नये का?" अजिबात तसं नाही. उलट जपानी गद्याच्या सुरुवातीलाच असला एक पुरुष बसलाय. की नो त्सुरायुकी, तोसा प्रांताचा गव्हर्नर, मोठा कवी, इ.स. ९३५ च्या सुमारास क्योतोला परत येतानाच्या प्रवासाची रोजनिशी लिहिली ती बाईच्या आवाजात. पहिल्याच वाक्यात म्हणतो की पुरुष ज्या रोजनिशा लिहितात म्हणे, तसली एक मी बाई असून लिहून बघते. का? तर पुरुषाने रोजनिशी लिहायची ती चिनी भाषेत, दफ्तरी, कोरडी. त्याला त्या प्रांतात दगावलेल्या लहान मुलीबद्दल लिहायचं होतं आणि ते जपानी काना लिपीत, जिला तेव्हा 'ओन्नादे' म्हणजे बायकांचं अक्षर म्हणायचे. दुःख लिहायला त्या माणसाला बाई व्हावं लागलं. फरक इतकाच की 'हे खऱ्या बाईचं आत्मचरित्र' म्हणून ते कोणी मुलींना वाटत नाही.

यातच 'बाई-पुरुषाची भानगड अमेरिकेने घुसवली' याचं उत्तर येऊन गेलं खरं तर. तेव्हा अमेरिका हा शब्दही नव्हता. पण राहवत नाही म्हणून अजून एक. बाराव्या शतकाच्या आसपासची 'तोरिकाएबाया मोनोगातारी', लेखक अज्ञात. एका दरबाऱ्याला दोन मुलं, मुलगा लाजाळू, बाहुल्यांत रमणारा, मुलगी धीट, घराबाहेर खेळणारी. बाप कपाळ बडवतो, अदलाबदल झाली असती तर बरं, आणि नावातही तेच, 'अदलाबदल करता आली असती तर'. मुलगी पुरुष म्हणून दरबारात नोकरीला लागते, बढत्या घेते, मुलगा बाई म्हणून अंतःपुरात. मग मुलीला दिवस जातात आणि सगळं गुंतत जातं. आता याला उद्या कोणी 'जगातली पहिली ट्रान्स कादंबरी' वगैरे म्हणून उलटा फॉरवर्ड काढेल, तर तेही नको, कारण शेवटी दोघं जागा बदलून 'आपापल्या' ठिकाणी बसतात आणि सगळा दोष तेंगू नावाच्या भुताटकीवर ढकललाय. पण प्रश्न तिथे होता ना? आठशे-साडेआठशे वर्षांपूर्वी? आणि अगदी जवळचं हवं असेल तर बनाना योशिमोतो या जपानी लेखिकेच्या 'किचन'मधली एरिको, जी आधी नायकाचा बाप होती आणि आता त्याची आई आहे, ती १९८८ ची. विद्यापीठवाल्यांचं बायबल, ज्युडिथ बटलरचं 'जेंडर ट्रबल', ते १९९० चं. मोजा.

हजार वर्षं गप्प होत्या म्हणे! 'गेंजी मोनोगातारी' ही अजस्र कादंबरी लिहिणारी मुरासाकी शिकिबू इ.स. १००० नंतरच्या दहा-वीस वर्षांतली. चोपन्न प्रकरणं. तिचं खरं नाव आपल्याला ठाऊक नाही, 'शिकिबू' हा बापाच्या हुद्द्यावरून आलेला शब्द. तिच्या रोजनिशीत आहे की भावाला चिनी शिकवायचे तेव्हा ती शेजारी बसून त्याच्या आधी शिकून मोकळी व्हायची, आणि बाप म्हणायचा, माझं नशीबच फुटकं, ही मुलगा झाली असती तर. पुढे ती सांगते की बाईला येतं म्हटल्यावर लोक नावं ठेवतात म्हणून मी 'एक' हा आकडासुद्धा लिहिता येत नसल्यासारखी वागते. चिनीत 'एक' म्हणजे नुसती आडवी रेघ हो! ही तक्रार नाही तर काय, उखाणा आहे?

१९४५ चं अर्धं खरं आहे, तेवढं मान्य करते, नाइलाजाने. मतदानाचा हक्क अमेरिकन ताब्याच्या काळातच मिळाला, एप्रिल १९४६ च्या निवडणुकीत ३९ बायका निवडून आल्या, आणि नव्या राज्यघटनेतलं लग्नात दोघांना समान हक्क देणारं २४ वं कलम त्या ताब्याचा प्रमुख, अमेरिकन जनरल मॅकआर्थर, याच्या ऑफिसातल्या बेआते सिरोता या बावीस वर्षांच्या मुलीने लिहायला घेतलं होतं. पण ती वाढली होती तोक्योत, तिथल्या बायकांचं जगणं बघत. आणि 'तेव्हा लिहायला लागल्या' हे साफ खोटं. १९११ मध्ये बायकांनी बायकांसाठी 'सेइतो' मासिक काढलं, हिरात्सुका राइचोने पहिल्याच अंकात लिहिलं की आरंभी स्त्री सूर्य होती. १९१२ मध्ये विवाहबाह्य प्रेमावरच्या कथेपायी सरकारने त्याचा अंकच जप्त केला. मॅकआर्थर यायला तेहतीस वर्षं बाकी. बाहेरचं वारं होतंच, मासिकाचं नाव इंग्रजी 'ब्लूस्टॉकिंग'वरून आणि चर्चा इब्सेनच्या नाटकातल्या, नवऱ्याचं घर सोडणाऱ्या नोराची, पण इब्सेन नॉर्वेचा, अमेरिकेचा नव्हे, एवढं तरी शाळेच्या नकाशात बघा.

आता छावण्यांचं. हा मुद्दा वाचून मला खरा राग आला. फेब्रुवारी १९४२ मध्ये रूझवेल्टच्या हुकुमाने सुमारे १,२०,००० जपानी वंशाची माणसं काटेरी तारांआड टाकली, त्यातले दोन तृतीयांश जन्माने अमेरिकन नागरिक. पुढच्या वर्षी निष्ठेची प्रश्नावली, सैन्यात जाल का, जपानच्या सम्राटाशी नातं तोडाल का. दोन्हीला 'नाही' म्हणणारे ते 'नो-नो'. जॉन ओकादाची 'नो-नो बॉय' १९५७ ची, तिचा नायक इचिरो दोन वर्षं छावणीत आणि दोन वर्षं तुरुंगात काढून सिअ‍ॅटलला परततो आणि त्याला ना अमेरिकन होता येत ना जपानी, आई तर जपान युद्ध जिंकलंय असंच धरून बसलेली. पहिल्या आवृत्तीच्या १,५०० प्रती, त्याही लेखक १९७१ मध्ये वारला तोवर संपल्या नव्हत्या. म्हणजे बोलणारे बोलत होते, ऐकायला कोणी नव्हतं, त्यांच्या माणसांनाही ती जखम तेव्हा उघडायची नव्हती. 'शिकाता गा नाई' लोक म्हणायचे, खरंय. पण तेच लोक १९८८ च्या कायद्याने सरकारकडून माफी आणि माणशी २०,००० डॉलर घेऊन थांबले.

आणि हिसाये यामामोतोची 'सेव्हन्टीन सिलेबल्स' ही १९४९ ची कथा तर मेसेजवाल्याला समोर बसवून वाचून दाखवावी. शिरीष पैंमुळे आपल्याकडे हायकू म्हणजे तीन ओळी, जपानीत त्या सतरा मात्रा, म्हणून हे नाव. कॅलिफोर्नियात टोमॅटोची शेती करणारं कुटुंब, आई रात्री हायकू लिहिते, टोपणनावाने पेपरात पाठवते. मुलगी रोझी इंग्रजीत वाढलेली, आईने हायकू वाचून दाखवला की न समजताच 'हो हो, छानच' म्हणून मोकळी होते. आईला बक्षीस मिळतं, हिरोशिगे या नामांकित जपानी चित्रकाराचं चित्र, संपादक स्वतः घरी घेऊन येतो, नेमका टोमॅटो काढायच्या घाईत. बाप शेतातून येतो, चित्र बाहेर नेतो, फोडतो आणि रॉकेल ओतून जाळतो. मग आई मुलीला आपल्या लग्नाची खरी गोष्ट सांगते आणि गुडघ्यांवर बसून तिच्याकडून वचन मागते, लग्न करू नकोस. मेसेजात ज्याला आयडेंटिटीचं आणि जेंडरचं रडगाणं म्हटलंय ते दोन्ही या एका कथेत आहे, आणि लिहिणारी स्वतः पोस्टनच्या छावणीत राहून आलेली.

उरला नकलेचा मुद्दा. हारुकी मुराकामी, जगभर वाचला जाणारा जपानी कादंबरीकार, अमेरिकन वळणाचा आहे, तो स्वतःच सांगतो, पहिल्या कादंबरीची सुरुवात त्याने आधी इंग्रजीत लिहून मग जपानीत आणली, कार्व्हर-फिट्झजेराल्ड या अमेरिकन लेखकांचे अनुवाद केले. पण एक मुराकामी म्हणजे जपान नव्हे. त्याच्या कादंबऱ्यांतल्या बायका अशा का, हे त्याला तोंडावर विचारलं ते मिएको कावाकामी या जपानी लेखिकेनेच. सायाका मुराताची कन्व्हीनियन्स स्टोअरमध्ये काम करणारी, लग्न नको असलेली छत्तीस वर्षांची बाई कुठल्या अमेरिकन पुस्तकाची नक्कल आहे ते कोणी दाखवलं तर मी वडापाव देईन.

हे सगळं मावशीला तुकड्या-तुकड्यांत व्हॉइस नोटने पाठवलं, तिने दीडच्या स्पीडने ऐकलं. उत्तर आलं, "बरं, मग रविवारी गेशा नको. ती टोमॅटोवाली दे. पण मराठीत हवी, आमच्या निम्म्या जणींना इंग्रजी झेपत नाही." आता मी भाषांतर करत बसलीये. शेवटी आई वचन मागते तेव्हाही रोझी तेच म्हणते, हायकूला म्हणायची तेच, 'हो हो'. ते दोन्हीकडे हुबेहूब एकच ठेवायचं म्हणजे पहिलं पानही परत लिहावं लागणार, आणि आज शुक्रवार.