खुलासा : ‘त्या’ फ्रेंच सिनेमात बाळं चुकून बदललेली नाहीत

१९८८ सालच्या ‘ला व्ही ए अं लाँ फ्लव्ह त्रांकिल’ या फ्रेंच विनोदी चित्रपटाबद्दल सध्या एक मजकूर फिरतो आहे : ‘रुग्णालयाच्या चुकीने दोन बाळांची अदलाबदल होते आणि शेवटी ती आपापल्या घरी परततात.’ दोन्ही गोष्टी खऱ्या नाहीत.

बाळं जाणूनबुजून बदलली जातात. डॉक्टर माव्हियालशी संबंध असलेली परिचारिका जोझेत नाताळच्या आदल्या रात्री चिडून हे करते, कारण तो तिला सोडून बायकोकडे निघालेला असतो. बारा वर्षांनी त्याची बायको वारते, तरी तो जोझेतला आपलंसं करत नाही. मग ती पत्रं पाठवून सगळं फोडते. ही चूक मानली, तर दिग्दर्शक एतिएन शातिलिएझ यांच्या गोष्टीतली धारच जाते.

आणि मुलांची परत अदलाबदल तर होतच नाही! ल केनुआ हे श्रीमंत, कट्टर कॅथलिक कुटुंब. तिथे दर सोमवारी जेवायला राव्हिओलीच (सारण भरलेला पास्ता). ग्रोझेय कुटुंब गरीब, भुरटेगिरी करून जगणारं. ल केनुआ त्यांना चक्क पैसे मोजून त्यांच्याकडे वाढलेल्या आपल्या मुलाला, मोमोला, घरी आणतात, पण आपल्याकडे वाढलेल्या ग्रोझेयांच्या मुलीला, बेर्नादेतलाही, ठेवून घेतात. मोमो नव्या घरात झटकन रुळतो. बेर्नादेतला मात्र आपण ग्रोझेयांची हे कळतं तेव्हा ती पार कोसळते.

मोमोचं काम बन्वा माजिमेलने केलंय, तेही पहिल्याच चित्रपटात. त्याच्यासाठी तरी जरूर बघा.