‘पालकांची सही घेतली की मंडळ सुटलं’ म्हणणाऱ्या मेसेजला उत्तर

उन्हाळी शिबिरं आणि दहीहंडीचा सराव जवळ आला की प्रशिक्षकांच्या आणि मंडळांच्या ग्रुपवर एक मेसेज हमखास फिरतो. कबड्डीचा संघ असो, फुटबॉलची अकादमी असो की गोविंदा पथक, मजकूर तोच. पालकांकडून शंभर रुपयांच्या स्टॅम्पपेपरवर ‘काही बरं-वाईट झाल्यास मंडळ जबाबदार राहणार नाही’ असं लिहून घ्या, म्हणजे केस होत नाही. हाच कागद दाखवला की हॉस्पिटल ऑपरेशन करतं, नाहीतर हात लावत नाही. प्रत्येक मुलाचा वीस रुपयांचा सरकारी विमा काढा, सगळा खर्च त्यातून निघतो. मेडिक्लेमच्या नादी लागू नका, खेळातल्या दुखापतीला तो मिळतच नाही. खाली हात जोडलेले आणि ‘प्रत्येक मंडळापर्यंत पोहोचवा’.

आमच्या कबड्डी मंडळाच्या कागदपत्रांचं काम माझ्याकडे आहे. त्यामुळे दरवर्षी कुणीतरी हा मेसेज मला पाठवून विचारतं, ‘आपणही असं करून घेऊ या का?’ नको. का नको, ते मेसेजच्याच क्रमाने सांगतो.

‘स्टॅम्पपेपरवर लिहून घेतलं की केस होत नाही’

शंभराचा स्टॅम्प तर गेलाच. ऑक्टोबर २०२४ पासून महाराष्ट्रात करारनाम्यांना किमान ५०० रुपयांचा लागतो. मेसेज लिहिणाऱ्याला हेही कळलेलं नाही. पण पाचशेचा घ्या नाहीतर पाच हजारांचा, मुद्रांक हा सरकारचा कर आहे. त्यावर लिहिलं म्हणून रद्दबातल मजकूर वैध होत नाही.

आणि हा मजकूर बहुतेक रद्दबातलच ठरणारा आहे. १८७२ च्या करार कायद्याचं कलम ११ सांगतं की अज्ञान, म्हणजे १८ वर्षांखालच्या, व्यक्तीला करार करता येत नाही. १९०३ साली मोहोरीबीबीच्या खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे ब्रिटिश काळातल्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, त्यावर शिक्कामोर्तब केलं. म्हणजे सतरा वर्षांच्या चढाईपटूची सही कामाची नाही. राहिली पालकांची. सार्वजनिक हिताच्या विरोधातला करार कलम २३ मध्ये बेकायदा ठरतो, आणि न्यायालयात दाद मागायची वाटच बंद करणारा करार कलम २८ मध्ये रद्द होतो. ‘आमच्या चुकीने तुमचा मुलगा जायबंदी झाला तरी तुम्ही कोर्टात जायचं नाही’ हे वाक्य या दोन्ही कलमांना अंगावर घेतं.

फौजदारी बाजू तर पालकांच्या हातातच नसते. निष्काळजीपणाने मृत्यू घडवला तर भारतीय न्याय संहितेच्या कलम १०६ मध्ये ५ वर्षांपर्यंत कैद आहे. जुन्या भारतीय दंड संहितेच्या ३०४-अ मध्ये ती २ वर्षं होती. तिथे फिर्यादी सरकार असतं, आईवडिलांनी आधी काय लिहून दिलं होतं हे विचारायला पोलीस थांबत नाहीत. २०२५ च्या ऑगस्टमध्ये दहीहंडीच्या सरावात दहिसरला एक लहान गोविंदा वरच्या थरावरून पडून दगावला, तेव्हा पथकाच्या अध्यक्षावर गुन्हा नोंदवला गेला. पठाणकोटजवळच्या ‘डलहौसी पब्लिक स्कूल’ने १९९५ मध्ये मुलांना सहलीला नेलं आणि बियास नदीत १४ मुलं बुडाली. २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रत्येक कुटुंबाला ५ लाखांची भरपाई कायम केली. मुलं सोबत आलेल्या शिक्षकांच्या भरवशावर होती, एवढा मुद्दा न्यायालयाला पुरला.

खेळाडूच्या संमतीला कायद्यात किंमत नाही असं मात्र नाही. संहितेच्या कलम २५ मध्ये एक जुनं उदाहरण जसंच्या तसं ठेवलेलं आहे. दोघांनी मौजेखातर तलवारबाजी खेळायची ठरवली आणि नियमाने खेळताना एकाला लागलं, तर तो गुन्हा नाही. हे कलम १८ वर्षांवरच्यांसाठी आहे. शिवाय त्यात माफी आहे ती नियमाने खेळणाऱ्याला. पकडीत पाय मुरगळला तर पकडणारा दोषी नाही, इतपत ठीक. पण मॅटचे तुकडे मध्येच सुटलेले होते, किंवा पावसाने निसरड्या झालेल्या सिमेंटवर मुलांना पळवलं, तर त्याचं उत्तर आयोजकालाच द्यावं लागतं.

मग सही घ्यायचीच नाही का? जरूर घ्यायची, पण माहितीपत्रावर. खेळ कोणता, धोके कोणते, सराव कुठे, सोबत कोण, हे पालकांना आधी कळलं याचा तो पुरावा. आमच्या फॉर्मचा निम्मा भाग पालकांनी आम्हाला सांगायच्या गोष्टींचा आहे: दमा आहे का आणि पंप कुठल्या कप्प्यात असतो, फिट येते का, कुठल्या औषधाची ॲलर्जी आहे, धनुर्वाताचं इंजेक्शन कधी घेतलं, मेडिक्लेम कार्डाची झेरॉक्स, आणि दोन फोन नंबर. दुसरा नंबर घरातला नको, शेजारच्याचा किंवा मामाचा हवा. आईबाबा दोघेही लोकलमध्ये असतील तर दोघांनाही रेंज नसते.

‘कागद नसेल तर हॉस्पिटल हात लावत नाही’

ही भीती पसरवणं घातक आहे, कारण त्यापायी लोक आधी कागद शोधतात आणि मग १०८ लावतात. परमानंद कटारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८९ सालीच सांगितलं की जीव वाचवणं हे सरकारी-खासगी प्रत्येक डॉक्टरचं पहिलं कर्तव्य आहे. न्याय संहितेच्या कलम ३० मधलं उदाहरण तर आपल्याच मैदानावरचं वाटावं असं आहे. अपघात झालेल्या मुलावर लगेच शस्त्रक्रिया केली नाही तर ते दगावेल, पालकांना गाठायला वेळ नाही, अशा वेळी सर्जनने मुलाच्या भल्यासाठी शस्त्रक्रिया केली तर तो गुन्हा नाही.

हे झालं जिवावर बेतलेल्या प्रसंगाचं. गुडघ्याचं लिगामेंट तुटलं असेल तर ते ऑपरेशन थांबू शकतं, आणि त्यासाठी पालकांचीच सही लागते. वैद्यक परिषदेच्या २००२ च्या नियमावलीत तसं स्पष्ट आहे. जूनमध्ये भरून घेतलेला ‘प्रशिक्षकांना सर्व अधिकार’ असा मोघम कागद तिथे पुरत नाही. संमती कुठल्या उपचाराला आहे हे ठरलेलं असावं लागतं. २००८ च्या समीरा कोहली निकालात एका प्रौढ महिलेने तपासणीसाठी संमती दिली होती. ती भुलेखाली असताना डॉक्टरांनी तिच्या आईची संमती घेऊन गर्भाशयच काढलं. जिवाला तातडीचा धोका नसताना केलेलं ते ऑपरेशन सर्वोच्च न्यायालयाने बेकायदा ठरवलं. यातून आणखी एक गोष्ट निघते. मुलगा अठराचा झाला की शुद्धीवर असताना सही त्याचीच, आईची नाही. वरिष्ठ गटाचे फॉर्म वडिलांच्या सहीने जमा करणाऱ्या संघांनी हे बघावं.

प्रशिक्षकाला प्रथमोपचार, ॲम्ब्युलन्स, एक्स-रे आणि प्लास्टरपुरता अधिकार लिहून घ्या. त्यापुढे पालकांना फोन.

‘वीस रुपयांच्या विम्यात सगळा खर्च निघतो’

प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजनेचा हप्ता वर्षाला २० रुपये आहे, हे खरं. पण वयाची अट १८ ते ७०. अठराच्या आतला मुलगा तिच्यात बसतच नाही. आणि ही योजना रुग्णालयाचं बिल देत नाही. मृत्यू किंवा संपूर्ण कायमचं अपंगत्व आलं तर २ लाख, एक डोळा, हात किंवा पाय कायमचा निकामी झाला तर १ लाख. तुटलेल्या मनगटाला शून्य.

शाळकरी मुलांसाठी राज्य शासनाची राजीव गांधी विद्यार्थी अपघात योजना आहे, पहिली ते बारावीपर्यंत. तो विमा नव्हे, सानुग्रह अनुदान आहे, आणि अर्ज शाळेमार्फत जातो. गोविंदांसाठी शासनाने २०२३ मध्ये ५० हजार जणांचा विमा काढला. हप्ता माणशी ७५ रुपये, मृत्यूला १० लाख, उपचाराला १ लाखापर्यंत. म्हणजे उपचाराचा खर्च देणारा विमा असतो, पण तो तसा मागून घ्यावा लागतो. वैयक्तिक अपघात विम्याचं मूळ काम मृत्यू आणि अपंगत्वाचं. विमा नियामकाने २०२१ पासून आणलेल्या ‘सरल सुरक्षा बीमा’मध्येही रुग्णालयाचा खर्च हा ऐच्छिक भाग आहे, तोही विमा रकमेच्या १० टक्क्यांपर्यंत. अडीच लाखांच्या पॉलिसीवर झाले २५ हजार. लिगामेंटच्या ऑपरेशनचं खासगी रुग्णालयातलं बिल ज्याने पाहिलं आहे त्याला पुढचं सांगायला नको.

‘खेळातल्या दुखापतीला मेडिक्लेम मिळत नाही’

सगळ्यात जास्त नुकसान या ओळीने होतं, कारण घरात फॅमिली फ्लोटर (सगळ्या कुटुंबाचा एकच मेडिक्लेम) असूनही लोक दावाच करत नाहीत. पॉलिसीतलं ठरावीक अपवर्जन, म्हणजे कशाला पैसे मिळत नाहीत ते सांगणारं कलम, वाचा. साहसी आणि धोकादायक खेळांत *व्यावसायिक म्हणून* भाग घेताना झालेल्या दुखापतीला ते लागू आहे, आणि पुढची यादी आहे गिर्यारोहण, राफ्टिंग, मोटार शर्यत, स्कूबा यांची. गल्लीतल्या मंडळाकडून कबड्डी खेळणारा अकरावीचा मुलगा यात कुठे येतो? नव्या पॉलिसीची पहिल्या ३० दिवसांची अटही अपघाताला लागत नाही. अडचण आहे ती भरती न होता झालेल्या खर्चाची. फिजिओथेरपीचे पैसे बहुतेक वेळा खिशातून जातात.

दावे अडकतात ते भलत्याच ठिकाणी, आणि त्याबद्दल मेसेजमध्ये अक्षर नाही. मंडळाच्या सामूहिक पॉलिसीत यादीत नाव असेल त्यालाच संरक्षण असतं. ऐनवेळी घेतलेला राखीव खेळाडू यादीत नसतो, किंवा यादीत ‘बंटी’ असतो आणि आधारवर भलतंच नाव. दुसरी जागा म्हणजे कॅज्युअल्टीचा केसपेपर. मुलाला घेऊन गेलेला मित्र ‘पोलीस केस नको’ म्हणून डॉक्टरांना सांगतो, बाथरूममध्ये पडला. तेच डिस्चार्ज कार्डावर उतरतं. नंतर दाव्यात आपण लिहितो, सामन्यात पडला. कंपनीची क्वेरी येते आणि फाइल महिनोन् महिने हलत नाही. एमएलसी (मेडिको-लीगल केस) नोंद म्हणजे मंडळावर गुन्हा नव्हे, ती इजेची नोंद आहे, आणि दाव्यात आपल्याच उपयोगाची. म्हणून सोबत कुणाला पाठवायचं ते सामन्याआधी ठरवा, आणि त्याला सांगून ठेवा की डॉक्टरांनी विचारलं तर तीन गोष्टी सांग: कुठल्या मैदानावर, किती वाजता, काय खेळताना.