‘केस लपवा’ सांगणाऱ्या त्या मेसेजला उत्तर

परवा रात्री साडेदहाला पारोळ्याहून भाच्याचा फोन आला. “मामा, आते काय करू?” पोलीस भरतीच्या तात्पुरत्या निवड यादीत त्याचं नाव लागलंय आणि साक्षांकन नमुना, म्हणजे चारित्र्य पडताळणीचा फॉर्म, भरून द्यायचाय. फोटो मागवला तर गुन्ह्याबद्दल विचारलेल्या रकान्यात पेन्सिलीने ‘नाही’ लिहिलेलं. पेनाने गिरवायचं तेवढं बाकी होतं.

आणि त्याच्यावर गुन्हा दाखल आहे. पोळ्याच्या आधी बांधावरून भाऊबंदांत मारामारी झाली, फिर्यादीत बाप-काकांसोबत याचंही नाव गेलं. गैरकायद्याची मंडळी जमवून मारहाण, शिवीगाळ, धमकी. दोषारोपपत्र कोर्टात गेलंय, तारखा चालू आहेत.

‘नाही’ लिहायची अक्कल त्याला एका मेसेजने दिली. तो मेसेज असा: एफआयआरमध्ये नाव आलं की सरकारी नोकरी आणि पासपोर्ट कायमचा बंद, अठराच्या आतली केससुद्धा धरतात, सात वर्षांनी रेकॉर्ड आपोआप पुसलं जातं, तोवर अर्जात केस लपवा, कोणी तपासत नाही, घाई असेल तर पैसे भरून रेकॉर्ड डिलीट करून मिळेल. खाली एक मोबाइल नंबर.

आधी ‘लपवा, कोणी तपासत नाही’ हेच घेतो, कारण याच्यापायी पोरांच्या नोकऱ्या जातात. तो नमुना पडताळणीसाठी पोलिसांकडेच जातो. ठाण्यात नोंदी आहेत, सीसीटीएनएसवर, म्हणजे देशभरची ठाणी जोडणाऱ्या पोलिसांच्या संगणक यंत्रणेवर, गुन्हा चढलेला असतो, शहाद्याचा गुन्हा पुण्यात बसून दिसतो. बरं, भरती कुठली, तर पोलिसांची! पोलिसांपासून पोलिसांची नोंद लपवायची?

सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने २०१६ साली अवतार सिंग विरुद्ध भारत सरकार या निकालात हा विषय ११ मुद्द्यांत मांडून ठेवलाय. उमेदवाराने दिलेली माहिती खरी असलीच पाहिजे. एकापेक्षा जास्त प्रलंबित खटले जाणूनबुजून लपवले, तर तेवढ्यावरही नेमणूक रद्द करता येते. कोवळ्या वयातल्या घोषणाबाजीसारखी किरकोळ बाब लपवली असेल, तर अधिकारी ती माफ करू शकतो. पण करू शकतो, करेलच असं नाही. खरं सांगितलेल्या किरकोळ खटल्याबद्दल मात्र तो प्रलंबित असतानाही, परिस्थिती पाहून नेमणूक देता येते, असं त्याच निकालात आहे. म्हणजे भाच्याच्या हातात जो एक दरवाजा आहे, तोच हा मेसेज त्याला स्वतःच्या हाताने लावून घ्यायला सांगतोय.

एक गोष्ट नाइलाजाने मान्य करतो. खरं लिहिलं म्हणजे नोकरी मिळालीच असं नाही. पूर्वचारित्र्य तपासून नकार द्यायचा अधिकार नेमणूक करणाऱ्याला आहे. संशयाचा फायदा देऊन सोडलेल्यालाही पोलीस दलात नाकारता येतं. गंभीर खटला चालू असेल तर अडचण खरीच आहे. पण ‘अडचण’ आणि ‘कायमचं बंद’ यात जमीन-अस्मानाचा फरक आहे.

पासपोर्टचंही तसंच. १९६७ च्या कायद्याचं कलम ६ कोर्टात प्रलंबित असलेल्या फौजदारी कारवाईवरून पासपोर्ट नाकारायला सांगतं, आणि तशी असली तरी १९९३ च्या अधिसूचनेप्रमाणे त्या कोर्टाची परवानगी आणली की ठरावीक मुदतीचा पासपोर्ट मिळतो. माहिती दडवली तर तो वेगळा गुन्हा.

‘सात वर्षांनी पुसलं जातं’ हे कुठून आणलं कोण जाणे. आपल्याकडे प्रौढांसाठी असा कायदाच नाही. वर्षांचा हिशेब आहे तो पासपोर्टच्या त्याच कलमात: नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्यात किमान दोन वर्षांची शिक्षा अर्जाच्या आधीच्या पाच वर्षांत झाली असेल तर नकार. शिक्षा झाली असेल तर, एफआयआर झाला म्हणून नाही.

अठराच्या आतल्या केसचं तर यांनी पार उलटं सांगितलंय. बाल न्याय कायदा, २०१५, कलम २४: त्या नोंदीमुळे अपात्रता येत नाही. सोळा वर्षांवरच्या ज्या मुलाचा खटला अतिगंभीर गुन्ह्यात प्रौढासारखा चालून तो दोषी ठरला, त्याचाच अपवाद.

पैसे भरून डिलीट? ठाण्यातला कागद, कोर्टातला कागद, संगणकातली नोंद, हे सगळं तो मोबाइल नंबरवाला पुसणार? त्याला एक रुपया देऊ नका. गुन्हा रद्द करून घ्यायचा रस्ता उच्च न्यायालयातून जातो. जळगाव, धुळे, नंदुरबारसाठी औरंगाबाद खंडपीठ, अर्ज आता नव्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खाली. बांधाच्या भांडणात दोन्ही घरं मिटवायला तयार असतील तर वकिलाला हे आधी विचारा.

भाच्याला ते ‘नाही’ खोडायला लावलं. गुन्हा क्रमांक, ठाणं, कलमं, खटल्याची सद्यस्थिती, सगळं रकान्यात लिहायचं. जागा पुरली नाही तर वेगळा कागद जोडायचा. काल तो दोषारोपपत्राच्या नकलेसाठी कोर्टात अर्ज देऊन आला. आणि माझी बहीण, म्हणजे त्याची आई, भांडणातल्या दुसऱ्या बाजूच्या दिराकडे जाऊन आली. पोळ्यानंतर ती पहिल्यांदाच त्या घराची पायरी चढली.